थिओतिमसबुवाचा काळा प्याला

लोक अत्तालसच्या कुंपणाच्या भिंतीवरसुद्धा चढून बसले होते. थुवतीरा गावची ख्रिस्ती मंडळी त्याच्याच घरी जमायची; तिच्यात मोजून पस्तीस माणसं, पण त्या सकाळी अंगणात शंभर तरी डोकी असतील. एरवी "हे नास्तिक, यांच्या घरात एक मूर्ती नाही" असं म्हणत जे शेजारी दारावरून जाताना थुंकायचे, तेही माना उंच करकरून बघत होते. मधोमध तिवईवर मातीचा एक प्याला होता, आतून-बाहेरून काळा, आणि त्याच्यामागे डोळे मिटून उभा थिओतिमसबुवा.

"द्राक्षारस देहाचा आणि पाणी आत्म्याचं," बुवा पोटातून आवाज काढत म्हणाला. "प्रभूला क्रुसावर शेवटी आंब दिली, आंबट झालेला द्राक्षारस. म्हणून मी या पाण्यात आंबेचे चार थेंब टाकतो, दुसरं काही नाही. बघा, नीट बघा. मी सांगतो म्हणून मानू नका."

बघण्यासारखं त्याने काही ठेवलंच नव्हतं. सुरईतून पाणी पडायचं ते स्वच्छ, सगळ्यांच्या देखत. पुढे आलेल्याने पांढऱ्या लोकरीचा पुंजका द्यायचा. बुवा तो प्याल्यात बुडवायचा, आभाळाकडे बघून "ये, ये, ये" म्हणायचा, आणि वर काढायचा तेव्हा पुंजका लालभडक. मग तो म्हणायचा, "कोकऱ्याचं रक्त. तू शुद्ध आहेस, लेकरा. एक घोट घे." लेकरू साठीचं असलं तरी ढसाढसा रडायचं आणि घोट घ्यायचं.

पाववाला झोसिमस तर अकरा दिवसांत अकरा वेळा शुद्ध झाला होता. पुंजका घरी दाराला टांगला की एका दिवसाच्या उन्हात फिका पडायचा. बुवा म्हणायचा, "रंग उडाला म्हणजे श्रद्धा उडाली, पुन्हा ये." झोसिमस पुन्हा यायचा आणि येताना तिळाचा पाव घेऊन यायचा. बुवाचे गाल दिवसागणिक वर येत होते.

आता यातली गंमत अशी की मागच्या उन्हाळ्यात देवळातल्या आर्तेमिस देवीच्या मूर्तीला घाम फुटला, तेव्हा हीच माणसं पोट धरधरून हसली होती. मूर्ती आतून पोकळ आहे, मागून पाणी भरतात, हे झोसिमसनेच शोधून काढलं होतं. दुसऱ्याच्या देवळात डोकं कसं लख्ख चालतं. आपल्या अंगणात आलं की तेच डोकं चपलांबरोबर बाहेर राहतं.

मंडळीचा एक नियम होता. फिरता संदेष्टा आला की त्याला दोन दिवस ठेवायचं, तिसऱ्या दिवशी भाकर बांधून द्यायची आणि वाटेला लावायचं. राहिला तर तो खोटा समजायचा. पण दुसराही एक नियम होता, आणि बुवाने आल्या आल्या तोच घट्ट धरला होता. आत्म्याने बोलणाऱ्या संदेष्ट्याची परीक्षा घ्यायची नाही. सगळ्या पापांना माफी आहे, त्या पापाला नाही. तिसऱ्या दिवशी अत्तालसने भीत भीत प्रवासाचा विषय काढला, तर बुवाने प्याल्यालाच विचारलं. पुंजका लाल निघाला. बुवा राहिला.

हे सगळं रंगारीण मेलिता मागच्या रांगेत उभी राहून बघत होती. तिचे हात कोपरापर्यंत जांभळे, आणि अंगाला रंगाऱ्यांच्या गल्लीचा वास. प्याला जवळून गेला तेव्हा तिसऱ्याच दिवशी तिच्या नाकाला काहीतरी ओळखीचं लागलं होतं. पण त्याच दिवशी तिचाही पुंजका लाल निघाला. पंगतीत तिच्या शेजारी बसायला नाक मुरडणाऱ्या बायकांनी तिला चारचौघांत मिठी मारली. अशी मिठी तिला वीस वर्षांत कुणी मारली नव्हती. मेलिता गप्प बसली.

"आता वरच्या खोलीतलं मूल आणा," बुवा म्हणाला.

वरच्या खोलीत विधवा एल्पिस राहायची. थंडीच्या शेवटी वेशीबाहेरच्या उकिरड्यावरून तिने एक पोर उचलून आणली होती. नको असलेली पोर उकिरड्यावर ठेवायला या गावात कुणाची हरकत नव्हती, कायद्याचीही नाही. मंडळीची माणसं मात्र अशी पोरं उचलून आणायची, आणि गावाने कितीही नावं ठेवली तरी एवढ्या एका गोष्टीसाठी त्यांची मान ताठ असायची. एल्पिसने पोरीचं नाव थालूसा ठेवलं होतं. थालूसाला दात येत होते आणि ती दुपारभर रडायची. खालच्या कोठीत बुवाची दुपारची झोप मोडायची, आणि शेगडी असलेली ऊबदार खोली घरात ती वरची एकच होती. एवढं सांगितलं म्हणजे पुढचं कळलंच.

बुवाने पोरीच्या नावाचा पुंजका घेतला. प्याल्यावर उजवा हात आडवा धरून तो बराच वेळ पुटपुटला. पुंजका बुडवला तशी प्याल्यातून फसफस ऐकू आली आणि काठावर फेस चढला. पुढच्या रांगेतल्या बायका मागच्यांच्या अंगावर पडल्या.

"ऐकलंत?" बुवा हळू आवाजात म्हणाला. "बोलतोय तो. आत बसलेला बोलतोय."

पुंजका वर आला तो निळा. मेलेल्या माणसाच्या नखांसारखा निळा.

"ज्याने हिला उकिरड्यावर ठेवलं, त्यानेच हिच्यात घर केलंय. पुढच्या रविवारी, प्रभूच्या दिवशी, त्याच्या आठवणीची भाकर मोडायच्या आधी, जिथून आणली तिथे हिला ठेवून या. नाहीतर या घरात भाकर मोडली जाणार नाही. मी सांगत नाही. प्याला सांगतो." आणि त्याने तो निळा पुंजका पोरीच्या मनगटाला बांधला.

एल्पिसने अत्तालसकडे पाहिलं. अत्तालस मंडळीतला सगळ्यात वडील, लोकरीचा व्यापारी, सत्तरीचा. उभ्या आयुष्यात त्याने कुणाला वजनात फसवलं नव्हतं. तो जमिनीकडे बघत होता.

"आत्मा बोलला, बाई," तो म्हणाला. "त्यावर आपण काय बोलायचं?"

चार दिवसांनी एल्पिस पोरीला कडेवर घेऊन नदीकाठच्या रंगशाळेत आली. मेलिता कढईतली लोकर काठीने ढवळत होती.

"ताई, तुम्ही अत्तालसआजोबांशी बोलाल का?"

"मी? अगं, मी बोलायला लागले की माणसं आधी वाऱ्याची दिशा बघतात."

"मग मी गाव सोडते."

"कुठे जाशील?"

"माहीत नाही. पण तिला तिथे ठेवणार नाही. मी उचलली तेव्हा कावळे बसले होते, ताई, तिच्या दोन्ही बाजूंना. आत्म्याने माझ्या कानात येऊन सांगितलं तरी ठेवणार नाही. घाला मला मंडळीबाहेर."

मेलिताने काठी खाली ठेवली. पोरीचा हात धरून तिने मनगटाचा पुंजका उजेडाकडे केला, हुंगला आणि जिभेचं टोक लावलं. मग ती थुंकली. तिला स्वतःचाच राग आला होता. तिसऱ्या दिवशी नाकाने सांगितलं होतं ते आता जीभ सांगत होती, आणि मधल्या दिवसांत तिने पोटभर मिठ्या मारून घेतल्या होत्या.

"हा सोडू नकोस," ती म्हणाली. "असाच बांधलेला राहू दे. आणि गाव सोडायचं नाव काढू नकोस. जायचंच तर दुसरं कुणीतरी जाईल."

"परीक्षा घेणार तुम्ही? त्याला माफी नाही, ताई."

"नसू दे."

प्रभूच्या दिवशी सकाळी अंगण पुन्हा भरलं. तिवईवर काळा प्याला आणि सुरई होती. दाराशी एक टोपली ठेवलेली होती. ती कशासाठी आहे हे सगळ्यांना माहीत होतं आणि कुणीच तिच्याकडे बघत नव्हतं. बुवाने नवा अंगरखा घातला होता आणि गळ्यात स्वतःचा लाल पुंजका, मुठीएवढा, दोऱ्यात ओवून लटकवला होता.

"आणा मुलीला," तो म्हणाला.

"थांबा," मेलिता मागून पुढे आली. तिच्या हातात दोन पांढऱ्या वाट्या होत्या. त्या तिने तिवईवर प्याल्याशेजारी ठेवल्या.

"मेलिता, भगिनी," अत्तालस घाबरून म्हणाला, "आत्म्याने बोलणाऱ्याची परीक्षा..."

"घेतली तर माफी नाही. पाठ आहे मला, आजोबा. बुवांना मी हातही लावत नाही. मला फक्त लोकर बघायची आहे. लोकर बघू नका असं कुणी सांगितलंय का?"

अत्तालस प्रामाणिक माणूस. त्याने खरंच विचार केला. "नाही," तो म्हणाला. "लोकरीबद्दल काही सांगितलेलं नाही." भिंतीवर कुणीतरी फिसकन हसलं.

"ही बाई अशुद्ध आहे," बुवा गरजला. "हिच्या अंगाला काय वास येतो, घ्या जरा."

"येतो ना," मेलिता म्हणाली. "तोच वास तुमच्या प्याल्याला येतो, महाराज. म्हणून तर उभी राहिले. झोसिमस, इकडे ये. या वाटीत काय आहे? चाखून बघ."

झोसिमसने बोट बुडवून चाटलं. "आंब. माझ्या घरचीच दिसते."

"तुझ्याच बायकोने दिली. आणि या दुसरीत?"

"शी. खारट, कडू. कपडे धुतात तो खार का?"

"तोच, पाण्यात कालवलेला. आता एल्पिसकडे जा, पोरीच्या हातचा निळा पुंजका सोड आणि आंबेत टाक. मी लांब उभी राहते."

झोसिमस पोरीजवळ गेला. गाठ सुटेना. शेवटी त्याने ती दाताने सोडली आणि लगेच भानावर येऊन तोंड पुसलं. पुंजका आंबेत पडला. वाटीत बारीक फसफस झाली. तो उडी मारून मागे सरला, मग मान लांब करून वाकला. निळ्याचा जांभळा झाला, जांभळ्याचा लाल. झोसिमसने पुंजका दोन बोटांत उचलून सगळ्यांना दाखवला.

"लाल," तो म्हणाला. "अहो, पोर शुद्ध झाली."

"पोर होती तशीच आहे," मेलिता म्हणाली. "आता एक लाल पुंजका पाहिजे. कुणाचा घ्यावा बरं? महाराज, तुमचा मोठा आहे."

बुवाने गळ्यातला पुंजका मुठीत धरला. "जादूगारीण आहे ही. सैतान हिच्या हातून काम करतोय."

"माझ्या कुठे, झोसिमसच्या हातून करतोय. आणि सैतान असला तर तुमच्या पुंजक्याला कशाला भ्यायला पाहिजे? द्या की."

सगळे बघत होते. न देणं आता देण्यापेक्षा महाग पडणार, हे बुवालाही कळत होतं. तो काही बोलायच्या आत झोसिमसने दोरा हिसकावला आणि पुंजका खाराच्या वाटीत टाकला. बघता बघता तो निळा पडला. संदेष्ट्याचा आत्मा मेलेल्या नखासारखा निळा.

पुढच्या रांगा वाटीवर वाकल्या. मग भिंतीवरून एक शेजारी म्हणाला, "यालाच न्या की उकिरड्यावर." सगळं अंगण खो खो हसलं.

"हसू नका, पुढे ऐका," मेलिता म्हणाली. "प्याला काळा का? आतलं दिसू नये म्हणून. कुणाची लोकर कोरडी असेल तर ती ओली करून तळाला घासा. रंग वाळवून लेपलाय तिथे. हे दगडफूल. समुद्रकाठच्या खडकांवर उगवतं, आमच्या गल्लीत पोत्यांनी येतं. आंबेत ते लाल होतं आणि खारात निळं. सुरईत आंब आधीच आहे, म्हणून तुम्ही सगळे लाल. ज्याला अशुद्ध ठरवायचं त्याच्या वेळी हात आडवा धरायचा आणि बोटांच्या बेचक्यातला खार सोडायचा. आंबेत खार पडला की फसफसतो, त्याला सैतान लागत नाही. विश्वास बसत नसेल तर बुवांची बोटं बघा. खाराने भेगा पडल्यात. माझीही बघा."

तिने आपले जांभळे पंजे पसरले. बुवाने आपले हात अंगरख्यात घातले. त्याहून मोठा पुरावा कुणाला नको होता.

"आणि तो वास?" झोसिमसने विचारलं. "तुम्ही वास म्हणालात, ताई."

"तो विचारू नकोस."

"सांगा की."

"दगडफूल नुसतं भिजवून रंग सुटत नाही. तीन आठवडे मुरवावं लागतं."

"कशात?"

"शिळ्या मुतात."

झोसिमसने हिशेब केला असावा, कारण तो अकरा घोटांची आठवण झाल्यासारखा भिंतीकडे धावला. त्याच्यामागे आणखी चार शुद्ध झालेली माणसं गेली.

थिओतिमसबुवाने काळा प्याला उचलला आणि झोळीत टाकला. "या घराची धूळ मी पायांवरून झटकतो," तो दारात उभा राहून म्हणाला. "तुमच्यावर न्याय येईल."

"येऊ दे. आला की त्यालाही दोनच दिवस ठेवू," मेलिता म्हणाली.

बुवा गेला. अंगण एकदम मोकळं झालं. माणसं एकमेकांच्या पाठीवर थापा मारत होती, बायका मेलिताच्या गळ्यात पडत होत्या, आणि मला तर पहिल्या दिवसापासून शंका होती असं सांगणारे निदान दहा जण निघाले. अत्तालस डोळे पुसत भाकरीकडे वळला.

एल्पिस त्यांच्यात नव्हती. पोरीला कडेवर घेऊन ती दाराशी, त्या टोपलीजवळ उभी होती.

"एक विचारते," ती म्हणाली. "मेलिताताई रंगारीण नसत्या, कुंभारीण असत्या, तर?"

एका बाईने मेलिताच्या गळ्यातला हात काढून घेतला.

"तर आज थालूसाला उचलून कोण नेणार होतं? मला बघायचंय. त्याने हात वर करा."

अंगणातला गलका बसला. अत्तालस भाकरीपासून दूर झाला आणि त्याने हात वर केला. म्हातारा हात, नीट सरळही होत नव्हता.

"मी नेणार होतो," तो म्हणाला. "टोपलीत गोधडी घातली होती. थंडी वाजू नये म्हणून."

"गोधडी घातली म्हणजे झालं, आजोबा?"

"नाही," अत्तालस म्हणाला.

मग झोसिमसचा हात वर गेला. "मी वाटेने कंदील धरणार होतो," तो पुटपुटला. मग एका बाईचा हात वर झाला, मग तिच्या नवऱ्याचा. थोड्या वेळाने एकही हात खाली नव्हता. मेलितानेही आपला जांभळा हात वर केला.

"ताई, तुम्ही कशाला?" एल्पिस म्हणाली.

"मला तिसऱ्या दिवशी वास आला होता. तुम्ही सगळ्यांनी मला जवळ घेतलं म्हणून मी बोलले नाही. तेव्हाच बोलले असते तर या पोरीच्या मनगटाला काही बांधलंच गेलं नसतं." मेलिताचा आवाज चढला. "आता माझं ऐका. पुन्हा असा कुणी आला तर माझी वाट बघत बसू नका. मला रंग कळतो, बाकी काही कळत नाही. पुढचा येईल तो रंग आणणार नाही, तो दिवा आणेल, साप आणेल, आकाशवाणी आणेल. त्याला विचारा. पहिल्याच दिवशी, तोंडावर विचारा. प्याला उलटा करून दाखव म्हणा. जो खरा आहे तो दाखवेल, त्याला कसली भीती? आणि विचारणं पाप असेल तर ते पाप माझ्या नावावर टाका. पण कुणी म्हणाला की तान्हं पोर कावळ्यांत ठेवून या, तर पुंजका लाल निघो की निळा, तो बघायचीसुद्धा गरज नाही. दोन डोळे आहेत, पोर समोर आहे. आणखी काय कळायचं राहिलंय?"

एल्पिस पुढे आली. तिने थालूसाला अत्तालसच्या हातात दिलं. म्हाताऱ्याने तिला दोन्ही हातांनी धरलं आणि खांद्याशी घेतलं. पोरीने त्याची दाढी मुठीत पकडली आणि दात शिवशिवत होते म्हणून चावायला घेतली.

"आता सांगा," एल्पिस म्हणाली, "ठेवता का खाली?"

अत्तालस टोपलीपासून दूर सरकला. त्याने नाही म्हणून मान हलवली आणि पोरीला आणखी घट्ट धरलं.

भाकर तशीच होती. एक म्हातारी म्हणाली की मंडळीच्या वडिलांनीच ती मोडायची असते, तसा नियम आहे. झोसिमस म्हणाला, "आजी, वडिलांचे हात गुंतलेत." मग एल्पिस तिवईशी गेली आणि भाकर तिने मोडली.